विरुद्ध पक्षाचं उत्तर

कचेरीत त्यांना सगळे 'नियमावली' म्हणत. घरात बायको फक्त रागावली की म्हणे, पण हल्ली ती रोजच रागावलेली असे.

पाणीपुरवठा खात्यात एकतीस वर्षं नोकरी, त्यातली अठरा वरिष्ठ लिपिकाच्या एकाच खुर्चीत. अधीक्षक व्हायची पाळी आली तेव्हा त्यांचा एका वर्षाचा गोपनीय अहवाल फायलीत सापडेना. तेवढ्यावरून त्यांना वगळलं आणि त्यांच्याकडूनच टिपणी लिहायला शिकलेल्या माणसाला अधीक्षक केलं. नियमावली कोर्टात गेले. त्यालाही आता आठ वर्षं झाली होती. जेवणाच्या टेबलाचा अर्धा भाग दाव्याच्या कागदांनी अडवलेला, उरलेल्या अर्ध्यावर बायको शाळेच्या वह्या तपासायची आणि तिथेच दोघं जेवायची.

निवृत्तीला दोन महिने उरले होते. मागच्या तारखेला न्यायाधीशांनी खात्याला खडसावलं होतं, "आठ वर्षांत उत्तर नाही? ही शेवटची संधी. नाही आलं, तर अर्जदाराचं म्हणणं मान्य धरू." त्या दिवशी वकिलांनी पहिल्यांदाच स्वतःच्या खिशातून चहा पाजला. निवृत्तीच्या आदेशावर 'अधीक्षक' लिहून यायला आता खात्याचा आळसच पुरेसा होता. आणि त्या आळसावर बायकोचा पूर्ण विश्वास होता.

शेवटच्या तारखेच्या आदल्या संध्याकाळी साहेब, म्हणजे तोच अधीक्षक, घरी आला.

"काकू, काका आहेत का? जरा एक कागद दाखवायचा होता."

दहा मिनिटांत गेलासुद्धा. ती स्वयंपाकघरातून हात पुसत आली, तर नवरा तिचंच लाल पेन घेऊन कागदावर वाकलेला.

"काय आहे ते?"

"खात्याचं उत्तर. अगं, काय लिहिलंय बघ! परिच्छेदांना क्रमांक नाहीत. नियम भलत्याच वर्षाचा. असलं कोर्टात गेलं तर शाखेची लाज जाईल."

"कुठल्या दाव्यातलं उत्तर?"

त्यांनी पेनाला टोपण लावलं.

"अहो, तुमच्याच? तुम्ही तुमच्याच विरुद्ध उत्तर लिहून देताय?"

"लिहून नाही. फक्त भाषा बघतोय."

तिने कागद ओढला. तिसऱ्या पानाच्या समासात त्यांच्या सुबक अक्षरात एक अख्खा नवा मुद्दा होता : बढतीच्या यादीवर तीस दिवसांत आक्षेप घ्यायला हवा होता, अर्जदाराने तो एकेचाळिसाव्या दिवशी घेतला.

"ही भाषा आहे?"

"खरं आहे ते. त्याला आठवत नव्हतं."

"त्याला आठवत नव्हतं तर तुम्हाला कशाला आठवायला हवं होतं? आणि एवढे नियम पाठ, मग तुम्हाला उशीर झालाच कसा?"

"बाकीच्यांचे आक्षेप नोंदवत होतो ना. चौसष्ट होते. सगळे मुदतीत गेले," ते म्हणाले, आणि त्यांच्या आवाजात चक्क समाधान होतं.

तिने कपाळावर हात मारून घेतला. कागद फाडावासाही वाटला, पण सकाळी सातला साहेब तो न्यायला दारात हजर होता.

दुसऱ्या दिवशी दुपारी ते कोर्टातून आले. चपला काढल्या, पाणी प्यायले.

"फेटाळला. मुदतीच्या मुद्द्यावर."

तिचं लाल पेन वहीवरच थांबलं.

"न्यायाधीश म्हणाले, इतकं मुद्देसूद उत्तर या खात्याकडून पहिल्यांदाच आलं."

"वकील काय म्हणाले?"

"ते माझ्याशी बोलले नाहीत."

तिने पुढ्यातली वही मिटली. समोर बसलेल्या माणसाचा शर्ट घामाने पाठीला चिकटला होता. पाणी संपलेला पेला त्याने पुन्हा तोंडाला लावला. तिला ओरडायचं होतं, वाक्यंही तयार होती, पण तिने विचारलं वेगळंच.

"अपील करता येतं ना?"

"नव्वद दिवसांत."

"आणि तुमच्या नोकरीचे उरलेत साठ."

"आजच मसुदा करायला घेतो."

"अजिबात नाही," ती म्हणाली. "एकसष्टाव्या दिवशी करायचं. त्या कचेरीतून आधी बाहेर पडा. तोवर दाव्याचा एक कागद या टेबलावर दिसला तर बघा. आणि साहेब आला तर दार मी उघडणार."

त्यांनी टेबलावरचे कागद गोळा करून गठ्ठा बांधला.

"पण मग अपिलात त्यांचं उत्तर कोण लिहिणार?"