गोमीच्या ढिगातली ढेकळे

हे मी नवऱ्यालाही सांगितलेले नाही. तुम्हाला का सांगते आहे? ते मलाही नीट कळत नाही. पण सांगते.

आमची जमीन तापीकाठच्या प्रकाशा गावाजवळ. कापूस वेचायला भिलांच्या बाया यायच्या. संध्याकाळी प्रत्येकीने आपल्या कापसाचे सारखे ढीग बांधावर लावायचे. एक ढीग तिच्यासाठी सोडून बाकीचे आम्ही उचलायचे. तीच मजुरी. पूर्वी तो कापूस त्यांच्या गोधडीत जायचा. मग नंदुरबारला कापसातली सरकी काढणारी जिन निघाली, व्यापारी मूठभर कापूसही घेऊ लागला आणि बाया ढीग विकू लागल्या. आमच्या शेतातला कापूस आमच्याआधी बाजारात — हे मला खुपले. खोटे कशाला बोलू?

मी रोख मजुरी ठरवली. गोमी म्हणाली, “रोख नको माय, मन्हा ढीगच बरा शे.” गोमी सगळ्यांत जुनी. तिने नाही म्हटले, की बाकीच्याही नाही.

तेव्हा मी एका संध्याकाळी, ढीग लावून बाया पाणी प्यायला गेल्या असताना, गोमीचा एक ढीग सोडून बाकीच्यांत ढेकळे पुरली. मीच. कोणाच्या सांगण्यावरून नाही.

मग सगळ्यांसमोर तिचे ढीग उपसले.

“ह्या ढेकळं काय उंदरंस्नी आणात?” मी म्हटले. बाया हसल्या. मलाही हसू आले होते.

मला वाटले होते, गोमी भांडेल, शिव्या देईल, आणि मग मी रोखीचे बोलणे काढीन. पण तिने माझ्याकडे पाहिलेसुद्धा नाही. त्या दिवशी तिच्याच ओळीत तिची नवी सून बुधी वेचत होती, ढीगही तिनेच लावायला मदत केली होती. गोमी तिच्याकडे वळली. “मन्हं नाक कापं तू!” — आणि सगळ्यांदेखत तिच्या मुस्काटात मारली. एकदा नाही.

मी दोन हातांच्या अंतरावर उभी होते. एक शब्द पुरला असता. तो मी बोलले नाही.

बुधी त्याच रात्री माहेरी गेली आणि परत नांदायला आली नाही. गोमीला आता नाही म्हणायला तोंड उरले नव्हते; दुसऱ्या दिवसापासून सगळ्या बाया रोखीवर आल्या. आता गावभर तीच रीत आहे. ती मी घालून दिली, असे लोक कौतुकाने म्हणतात.

गोमी अजून माझ्याच शेतात येते. मला ती भली बाई समजते — चोरी धरूनही मी तिला कामावरून काढले नाही, म्हणून.