समक्ष भेट देऊन खात्री केली

नोकरीत शेकडो गुन्हे हाताळले. आता त्यातले बहुतेक एकमेकांत मिसळून गेलेत, खुनाच्या तपासांतली नावंसुद्धा पटकन आठवत नाहीत. पण एका साध्या फसवणुकीच्या प्रकरणातला एकेक कागद अजून डोळ्यांपुढे उभा राहतो. त्यात रक्त सांडलं नव्हतं, कुणी फरार झालं नव्हतं. त्या तपासाबद्दल वरिष्ठांनी मला प्रशस्तिपत्रही दिलं. ते मी कधी भिंतीवर लावलं नाही. का लावलं नाही, ते आज लिहून टाकतो.

तेव्हा मी बीड जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या ठाण्याचा प्रभारी होतो. गावात मोठं कॉलेज होतं आणि एका खासगी संस्थेची एक चांगली योजना होती. लष्करातून निवृत्त होऊन पुन्हा कॉलेजात नाव घालणाऱ्या जवानांना ती संस्था राहण्याचं भाडं देत असे. आमच्याकडची पोरं बारावी झाली की भरतीला धावतात आणि पस्तिशी-छत्तिशीत पेन्शन घेऊन परत येतात. हाती पदवी नसते, आणि पुढं निम्मं आयुष्य पडलेलं असतं.

भाड्याचा अंदाज काढायची पद्धत ठरलेली होती. गाव कॉलेजपासून किती लांब, माणूस एकटा राहणार की बायकापोरांसह, तासांना रोज बसणार की नुसता परीक्षेपुरता येणार, हे बघायचं. घरून ये-जा करणाऱ्याला काही नाही, एकट्याला एका खोलीचं भाडं, कुटुंबवाल्याला दोन खोल्यांचं. हे अंदाजपत्रक तयार करायला संस्थेनं एक निवृत्त सुभेदार नेमला होता. सोबत भाडेकरारनामा, घरमालकाचं लाइटबिल आणि आमच्या ठाण्याचा भाडेकरू पडताळणी अहवाल जोडावा लागे.

एक दिवस कॉलेजच्या फाटकाजवळचा झेरॉक्सवाला ठाण्यात आला. बाकावर बराच वेळ बसून राहिला. ठाण्यात आलेला माणूस पाणी मागतो, दोनदा उठतो, पुन्हा बसतो, तेव्हा समजावं की याच्या पोटात काहीतरी आहे. मी त्याला आत बोलावलं.

"साहेब, दोन खोल्यात सात फौजी बायकापोरं घेऊन राहतेत का हो?" त्यानं विचारलं.

"कोण राहतंय असं?"

"एकाच लाइटबिलाच्या सात झेरॉक्स काढल्या मी. साती डाव करार निराळ्या नावाचा. अन् बिल बघितलं तर एका पंख्याचं. सात संसार अंधारात बसत्यात म्हणायचं का?"

सुभेदारानं याच्या मेव्हण्याचा अर्ज परत पाठवला होता, हे मला नंतर कळलं. खबर देणारा स्वच्छ मनानं क्वचितच येतो. पण खबर खरी होती.

संस्थेच्या सचिवाकडून फिर्याद घेतली, गुन्हा दाखल केला आणि त्या पत्त्यावर गेलो. कॉलेजच्या मागच्या गल्लीत एका मिस्त्रीचं घर होतं. पाण्याच्या मोटारींचं वायंडिंग करून देणारा मुसलमान माणूस, वय साठीचं, बोटं वार्निशनं काळी पडलेली. पुढं दुकान, मागं त्याचा संसार आणि बाजूला भाड्यानं दिलेल्या, निराळं मीटर असलेल्या दोन खोल्या. पंचांना घेऊन मी खोल्या बघितल्या. एका कोपऱ्यात काळी ट्रंक, तिच्यावर पांढऱ्या रंगात नंबर आणि नाव. अंथरुणाच्या घड्या फूटपट्टी लावून केल्यासारख्या. खिडकीत बी.ए. तिसऱ्या वर्षाची इतिहासाची पुस्तकं आणि शेजारी एका पोरीची पहिलीची वही. दारात त्या पोरीची आई डोक्यावर पदर घेऊन उभी होती. घरवाला कॉलेजात गेलाय, एवढंच ती बोलली.

मी मिस्त्रीपुढं सात करारनामे ठेवले. त्यानं चष्मा पुसला आणि सहा कागद बाजूला सारले.

"साब, हे माझे न्हाईत. मी सही उर्दूत करतो. हयातीत मराठीत सही केली न्हाई." मग उरलेल्या एका कागदावर त्यानं बोट ठेवलं. "ह्यो माझा. फौजीचा. आपल्याकडं ह्यो एकच फौजी हाय, अन् लई गरीब मानूस हाय बिचारा."

तपास तिथंच निम्मा झाला. सहा करारनामे बनावट होते. पण त्या सहाही करारनाम्यांवर साक्षीदार म्हणून एकाच माणसाची सही होती, आणि तो माणूस त्या खोलीत राहणारा फौजी होता.

त्याला दुपारी ठाण्यात बोलावलं. आष्टीकडचा, सतरा वर्षं नोकरी करून आलेला. समोर सावधान उभा राहिला, बस म्हटल्यावरच बसला. मी आवाज चढवला, टेबलावर हात आपटला. अशा वेळी लोक रडतात, देवाची शपथ घेतात, पुढाऱ्याचं नाव सांगतात. यानं यातलं काही केलं नाही.

"सही तुझी आहे का?"

"माझी हाय साहेब."

"ही सहा माणसं तिथं राहतात का?"

"न्हाई साहेब. सुभेदार साहेब म्हणले, मिस्त्री वर खोल्या बांधायलेत, पुढल्या महिन्यात ही मानसं येनार हायेत. साक्षीदाराची जागा तेवढी रिकामी राहिली, सही कर म्हणले. मी केली."

"न वाचता?"

"साहेबांनी सांगितल्यावर काय वाचायचं, साहेब?"

मला हसू आलं. मूर्ख आहे की बेरका, तेवढंच मी ठरवत होतो. उठताना त्यानं एकच गोष्ट विचारली.

"माझं नाव येईल का ह्यात? शेवटचं वर्स हाय. बी.ए. झालं की बी.एड. करून शाळंवर मास्तर व्हायचं हाय. केसमधी नाव आलं तर शाळावाले घेनार न्हाईत."

"बघू," मी म्हणालो. पोलिसाच्या तोंडचा 'बघू' म्हणजे काय, हे त्याला ठाऊक नव्हतं. तो "जी साहेब" म्हणून गेला.

पुढं सहा बनावट भाडेकरू शोधले. चौघे आष्टी तालुक्यात आपापल्या गावी होते, एकाची धर्मापुरीला पानटपरी होती. सिरसाळ्यातला सहावा बी-बियाण्यांच्या दुकानात बसलेला सापडला. कॉलेजचं नाव विचारलं तर म्हणाला, "आता खरं सांगू का साहेब, कॉलेज कुठल्या रोडला हाय ते बी मला ठावं न्हाई." सगळ्यांचं म्हणणं एकच निघालं. सुभेदारानं कागद घेतले, गावी बसलेल्या माणसाचा दोन खोल्यांचा अंदाज काढला आणि येणारं भाडं निम्मं निम्मं केलं.

सुभेदाराला अटक केली. दोन दिवस तो ताठ होता. तिसऱ्या दिवशी सकाळी मिस्त्रीची उर्दू सही आणि बनावट मराठी सह्या त्याच्यापुढं मांडल्या, तेव्हा त्याची मान खाली गेली. सगळं कबूल केलं. आणि मग वर बघून शांतपणे म्हणाला, "साहेब, मी एकट्यानं केलं असं लिहा, हरकत नाही. पण संस्थेनं पैसे माझ्या शब्दावर दिले नाहीत. तुमच्या कागदावर दिले."

संस्थेची फाईल माझ्याच टेबलावर होती. मी मागची पानं उलटली. सात पडताळणी अहवाल होते. प्रत्येकावर तेच वाक्य: सदर पत्त्यावर समक्ष भेट देऊन खात्री केली, सदर इसम कुटुंबासह तेथे राहत असल्याचे दिसून आले. खाली त्या भागाच्या बीट अंमलदाराची सही, आणि त्याखाली प्रभारी अधिकारी म्हणून माझी.

ठाण्याचा रोजचा कारभार ज्यानं बघितलाय त्याला हे नवल वाटणार नाही. सकाळी हजेरी झाली की कारकून गठ्ठा आणून ठेवतो. पासपोर्ट, भाडेकरू, चारित्र्य पडताळणी, मिरवणुकीची परवानगी. चहा गार व्हायच्या आत तीस-चाळीस सह्या होतात. ते वाक्य इतक्यांदा लिहिलं जातं की ते कुणी वाचतच नाही.

बीट अंमलदाराला बोलावलं.

"गेला होतास का?"

"गेलतो की साहेब, पहिल्या डावाला. मिस्त्रीनं चहा पाजला. पुढचे सहा त्याच घरातले, म्हणून बसल्या जागी लिहिलं."

मी त्याला शिवी दिली. ती खरं तर मला लागू होती.

ते सात अहवाल मी जप्त केले नाहीत. संस्थेची बाकी कागदपत्रं पंचनामा करून ताब्यात घेतली, अहवाल तेवढे फाईलमध्येच ठेवून ती संस्थेला परत केली, आणि ठाण्यातल्या प्रती जुन्या गठ्ठ्यात बांधून वरच्या फळीवर टाकल्या. ते जोडले असते तर बीट अंमलदार निलंबित झाला असता आणि माझी विभागीय चौकशी लागली असती. बढतीच्या यादीत माझं नाव होतं. मी भ्यालो, दुसरा शब्द नाही.

दोषारोपपत्र गेलं. सुभेदार मुख्य आरोपी, सहा बनावट भाडेकरू, आणि आठवा आरोपी म्हणून बनावट दस्तऐवजांवर साक्षीदाराच्या सह्या करणारा फौजी. त्याचं नाव वगळावं असं मला वाटत होतं. पण वगळायचं तर तो विश्वासावर फसला असं कारण द्यावं लागलं असतं, आणि तसंच ठाणंही फसल्याचा पुरावा वरच्या फळीवर होता.

गुन्हा दाखल झाला तसं संस्थेनं सगळ्यांचंच भाडं थांबवलं, खरोखर राहणाऱ्याचंही. मिस्त्री म्हणाला होता, "फौजी, तू राहा, भाड्याचं मागनं बघू." पण पंच घेऊन पोलीस घरात शिरलेले साऱ्या गल्लीनं बघितलं होतं. नळावर बायका बोलेनाशा झाल्या. फौजीची बायको पोरीचा शाळेतला दाखला काढून आष्टीकडं निघून गेली. तो तिसऱ्या वर्षाच्या परीक्षेला बसला नाही. काही महिन्यांनी एका खासगी शाळेत शिपायाच्या जागेसाठी त्यानं चारित्र्य पडताळणीचा अर्ज केला. 'न्यायालयात गुन्हा प्रलंबित' असा शेरा मारलेला तो अर्ज माझ्यापुढं आला. त्या दिवशी मी गठ्ठ्यातला तो एकच कागद वाचला, आणि सही केली.

खटला उभा राहायच्या आत सुभेदार वारला. माझी साक्ष झाली तेव्हा फौजीच्या तरुण वकिलानं विचारलं, "या पत्त्याची पोलिसांनी कधी पडताळणी केली होती का?" मी म्हणालो, "तपासाच्या कागदपत्रांत तसं काही नाही." शब्द खरे होते. आरोपींच्या जागेत फौजी सावधान उभा होता, माझ्याकडं बघत होता. बऱ्याच वर्षांनी तो निर्दोष सुटला. तोवर पोरगी दहावीला गेली होती आणि ती योजना केव्हाच बंद पडली होती.

मी निवृत्त झालो, त्याच गावात घर बांधलं. वरची खोली रिकामी होती. फौजी धर्मापुरीच्या रस्त्याला एका कापसाच्या जिनिंगच्या फाटकावर राखणदार आहे असं कळलं. एक दिवस दुपारी तिथं गेलो. त्यानं मला लांबूनच ओळखलं आणि कडक सलाम ठोकला. मला तो तोंडात मारल्यासारखा लागला.

मी म्हणालो, "माझी खोली रिकामी आहे. ये, राहा. राहिलेलं वर्ष पूर्ण कर. भाडं नको."

तो नम्रपणे हसला. "फुकट राहिलं तरी पोलिसात कागद द्यावा लागतो ना साहेब? मी आता कशावरच सही करत न्हाई."

मग मी त्याला त्या सात अहवालांचं सांगितलं. फळीवरच्या गठ्ठ्याचं, साक्षीचं, सगळं. इतक्या वर्षांत ते मी पहिल्यांदाच बोलत होतो. तो ऐकत राहिला, मध्येच एका ट्रकला फाटक उघडून देऊन परत आला.

"ठावं हाय साहेब," तो म्हणाला. "सुभेदार साहेबांनी सही मागितली तवा मी जरा थांबलो होतो. मग त्यांनी ते कागद दाखवले. खाली तुमची सही व्हती. ती बघूनच मी केली."

मी विचारलं, "मग ठाण्यात का बोलला नाहीस? कोर्टात तरी सांगायचं."

"कावून सांगायचं साहेब? तुमी साहेब. साहेबावर बोट कसं दावायचं?"

त्यानं मला बसायला स्वतःची खुर्ची दिली आणि आपण फाटकाला टेकून उभा राहिला.

या प्रकरणानं मला काय शिकवलं, असं कुणी विचारलं तर फार मोठं सांगण्यासारखं नाही. वरचा माणूस न बघता सही करतो, कारण खालच्यानं बघितलं असेल असं तो धरून चालतो. खालचा सही करतो, कारण वरच्याची सही दिसते. आम्ही दोघांनीही न बघताच सही केली होती. त्याला आरोपीच्या जागेत उभं केलं आणि मला प्रशस्तिपत्र दिलं. ते कपाटात आहे. वरची खोली मी अजून कुणाला दिलेली नाही.