मनगटापुरता शब्द

मुक्ता वाचायला लागली, या आनंदाच्या गोष्टीने माझी तीन रात्रींची झोप उडवली. साडेपाच वर्षांची आहे. एसटीवरच्या पाट्या वाचते, बिस्किटांचे पुडे वाचते, शेजाऱ्यांच्या दारावरची नावं त्यांनाच मोठ्याने वाचून दाखवते. आणि मी येत्या शनिवारी मनगटावर एक शब्द गोंदवून घेणार होते. तो ती वाचणार आणि विचारणार, "आई, हे का लिहिलंस?"

उत्तर माझ्याकडे नव्हतं. गेल्या वर्षी पाचव्या महिन्यात माझं बाळ पोटातच गेलं. मुक्ताला आम्ही यातलं काही सांगितलेलं नाही. आईच्या पोटात दुखत होतं म्हणून ती दवाखान्यात राहिली, एवढंच तिला ठाऊक. तिचे बाबा मुंबईला नोकरीला, पंधरा दिवसांनी येतात. तेही या विषयावर आले की "ते सगळं" म्हणतात आणि पाणी प्यायला उठतात. 'बाळ' हा शब्द आमच्या घरातून वर्षभर हद्दपार आहे.

गंमत म्हणजे दुसऱ्यांना असे शब्द शोधून देणं हाच सध्या माझा उद्योग. माझी नणंद रूपा हिचं एसटी स्टँडमागे टॅटूचं दुकान आहे. मी कॉलेजात मराठी शिकवायचे, मुक्ता झाल्यावर सोडलं. रूपाकडे माणसं मोबाइलवर इंग्रजी ओळी घेऊन येतात. कोणाचं ब्रेकअप, कोणाचा घटस्फोट, कोणाचं कोणी गेलेलं. मग रूपा मला हाक मारते, "वहिनी, यांना मराठीत काहीतरी अर्थाचं द्या. मनगटापुरतं." मी माझी वही काढते. वहीतला शब्द एकदा दिला की खोडून टाकायचा, दुसऱ्याला द्यायचा नाही, हा नियम. दोन वर्षं झाली. किस्से गोळा करायला काही मी बसले नव्हते, पण फणसाच्या चिकासारखे ते हाताला लागले आणि मी आधी तेल लावलं नव्हतं.

*

बँकेतली एक मुलगी आली होती. पत्रिका वाटून झाल्यावर लग्न मोडलेलं. तिला जखम भरून आल्यासारखं काहीतरी हवं होतं. मी दिलं, 'बरी आहे मी'. साधं, खणखणीत. मी स्वतःवरच खूश.

पावसाळ्यात ती परत आली. दमट हवेत टॅटूच्या रेषा कधीकधी थोड्या फुगून वर येतात, हे रूपा सगळ्यांना आधीच सांगते. मुलीने हात पुढे केला.

"ताई, 'मी' वर आलंय. 'आहे'सुद्धा आलंय. 'बरी' अजून नाही."

मी बोट फिरवून पाहिलं. दोन शब्द हाताला लागत होते. पहिल्याच्या जागी कातडी गुळगुळीत, जणू तिथे काही काढलेलंच नाही.

"कधी येईल?" तिने विचारलं. मला वाटलं, रूपा काहीतरी शास्त्रीय सांगेल. ती म्हणाली, "पुढच्या पावसात बघू."

*

हातखंब्याचा एक गॅरेजवाला 'ओसरलं' घेऊन गेला. मी तो शब्द वहीत असा खोडला, की खालचं एकही अक्षर दिसू नये. मास्तरकीची सवय.

चार महिन्यांनी साडीच्या दुकानात काम करणारी एक बाई आली. तिने वही चाळली, चांगले तीस शब्द ओलांडले आणि त्या काळ्या गिचमिडीवर बोट ठेवलं.

"हा द्या."

"तो दिलेला आहे. खाली काय लिहिलंय ते वाचता येतंय का तुम्हाला?"

"नाही."

"मग हाच का?"

"इथे ऊब लागतेय," ती म्हणाली.

रूपाने फॉर्म भरायला दिला. बाईने आधी एक आडनाव लिहिलं, थबकली, ते खोडून माहेरचं लिहिलं. खोडलेलं आडनाव हातखंब्याच्या त्या गॅरेजच्या पाटीवरचं होतं. मी नियम मोडला, शब्द देऊन टाकला. त्यानंतर कितीतरी दिवस मी त्या पानाला हात लावून बघत होते. मला काही लागलं नाही. पण मला तसंही उशिराच लागतं.

*

मिरकरवाड्यातली एक मावशी यायची, मासळी विकणारी. तिचा नवरा ट्रॉलरवरून गेला तो परत आला नाही, काही सापडलंही नाही. तिच्या हनुवटीवर जुनं हिरवं गोंदण. ती म्हणाली, "हाताव अक्षरांची एक वळ काढून दे."

मी म्हटलं, "त्यांचं नाव काढूया का?"

"नाव कशाला? त्याचा नाव त्येला म्हायत हाय. 'राग नाय' असा काढ."

कारण त्या सकाळी दोघांचं भांडण झालं होतं. डबा न घेताच गेला होता तो.

"मेल्याव सोना काढून घेतात गो," ती मला समजावत होती. "गोंदलेला कोन काढनार? तेवढाच वांगडा येता."

बरोबर नेण्यासाठी हे सगळं चाललं होतं. रूपाने मशीन सुरू केली, आणि माझ्या तोंडून निघून गेलं, "मावशी, त्यांना वाचता येतं का?"

विचारल्यावर जीभ चावली. मावशी मात्र शांत होती.

"नाय येत. पन एवढ्यात शिकला आसंल. टायम हाय त्येच्याकडं."

*

बुरोंडीचा तो माणूस मला अजूनही नीट आठवत नाही, म्हणजे चेहरा आठवत नाही. पाठ आठवते. त्याला पाठीवर, दोन खांद्यांच्या मधोमध, 'आता परत जा' एवढं हवं होतं. बायकोला जाऊन वर्ष झालं होतं म्हणाला.

मी माझ्या परीने सुचवलं, "पाठीवर तुम्हाला दिसणार नाही. हातावर घ्या. रोज बघितलं की धीर येतो."

"मला दिसायला नकोच आहे."

"मग कोणासाठी?"

त्याने दाराकडे पाहिलं आणि आवाज खाली आणला. "हळू बोला."

काम झालं. तो शर्ट चढवून निघाला. दुकानाच्या चिऱ्याच्या पायरीवर एक कुत्रा कायम आडवा पडलेला असतो. गिऱ्हाइकं त्याला ओलांडून आत येतात, त्याला फरक पडत नाही. तो माणूस उतरायला लागला तसा कुत्रा उठून बाजूला झाला. माणूस रस्त्याला लागला. कुत्रा परत पसरणार, तेवढ्यात थांबला आणि आणखी थोडा बाजूला सरकला.

रूपाने पाहिलं, मी पाहिलं. रूपा म्हणाली, "वहिनी, चहा घेणार?" घेतला.

*

तर माझा शनिवार.

स्वतःसाठी शब्द शोधायला मला चार महिने लागले. 'सावरले' लिहिलं, ते खोटं होतं. 'उजाडेल' दिनदर्शिकेतल्यासारखं वाटलं. 'पुन्हा' लिहिलं असतं तर डॉक्टरांना बरं वाटलं असतं, मला नाही. शेवटी 'असू दे' राहिलं. मुक्ताच्या हातून पेला पडला की मी हेच म्हणते. तिला म्हणता येतं, तर कधीतरी स्वतःलाही म्हणता येईल.

मुक्ता विचारेल तेव्हा काय सांगायचं, ते नवऱ्याने आणि मी फोनवर ठरवलं होतं. चार वाक्यं. मी ती कागदावर उतरवली, दोनदा सुधारली आणि पाठ केली. तिसऱ्या वाक्यात बाळ येत होतं. घरात तो शब्द वर्षभराने पहिल्यांदा मीच उच्चारणार होते. पाठ म्हणताना मी नेमकी तिथे अडायचे. मुलीला भीती वाटली तर? तिला वाटलं की मी तिच्यापासून कोणीतरी लपवून ठेवलं, तर? तसं ठेवलंच होतं म्हणा.

दुपारचं जेवण उरकून मी दुकानात गेले. रूपाने मनगट पुसलं आणि स्टेन्सिलचा कागद दाबून काढला. जांभळी अक्षरं उठली. "बघून घ्या," ती म्हणाली. "सुई लागली की मग बदल नाही."

तेवढ्यात सासरे मुक्ताला घेऊन आले. शाळेचं दप्तर पाठीवर तसंच. ती सरळ माझ्याकडे आली, हात धरला आणि वाचायला लागली.

"अ... सू... दे. असू दे."

मी पाठ केलेलं पहिलं वाक्य काढलं. "मुक्ता, इकडे बघ. गेल्या वर्षी आईच्या पोटात दुखत होतं ना..."

तिचं लक्ष नव्हतं. ती माझ्या मनगटावर दोन बोटांनी अक्षरांची लांबी मोजत होती. मोजून झाल्यावर तीच बोटं तशीच धरून ती रूपाकडे वळली.

"आत्या, एवढं मोठं नको. बाळालापण हवंय, आणि त्याचा हात केवढासा आहे, त्यावर मावणार नाही."