सरकारी साक्षीदाराचे कान

भिंगरीसमोर गुपित बोलायचं तर तिच्याकडे पाठ करूनच बोलावं लागतं, असं तिची वहिनी सगळ्यांना सांगत असे. लहानपणी तापात तिचे दोन्ही कान गेले. पण ओठ वाचण्यात ती इतकी तयार झाली की खोलीच्या त्या टोकाला दादा-वहिनी कुजबुजले, तरी या टोकाला हिला हसू फुटायचं. एका जागी कधी टिकायची नाही, म्हणून भिंगरी. खरं नाव शाळेच्या दाखल्यापुरतं उरलं होतं.

ती एका खाजगी बाइंडिंगच्या कारखान्यात कागदाला घड्या घालणाऱ्या यंत्रावर काम करायची. सरकारी छापखान्यात त्याच कामाची, कर्णबधिरांसाठी राखीव अशी एक जागा निघाली. भिंगरीने परीक्षा दिली, पहिली आली. घरात आनंदीआनंद! आणि मग पत्र आलं, की बहिऱ्या व्यक्तीला यंत्राचा धोका कळणार नाही, सबब नेमणूक देता येत नाही.

वहिनीचा पारा चढला. "जागा बहिऱ्यांसाठी, आणि बहिरी म्हणून नको? यांना काय ऐकू येणारी बहिरी पाहिजे होती?"

त्यावरून कोर्टात दावा गेला. तारखांवर तारखा पडत गेल्या. तोवर भिंगरीचं वय सरकारी नोकरीच्या अटीपलीकडे गेलं, इकडे कारखान्याचा मालकही यंत्रं विकायच्या गोष्टी करू लागला. ही जागा हातची गेली की दुसरी मिळणार नव्हती.

शेवटी एकदाची साक्षीची तारीख उजाडली. छापखान्याने आपला जुना फोरमन आणला होता. जाडजूड मिशा, कडक इस्त्रीचा शर्ट. साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभा राहून त्याने पाठ केल्यासारखं घडाघडा सांगितलं, "यंत्र बिघडलं की आवाज बदलतो साहेब. तो ऐकून आम्ही बटण दाबतो. बहिऱ्याचं ते काम नव्हे."

पुढच्या बाकावर बसून भिंगरी त्याचे ओठ वाचत होती.

न्यायाधीश मऊ आवाजाचे होते. त्यांनी विचारलं, "या यंत्रावर तुम्ही कधीपासून आहात?"

"होय साहेब, अगदी बरोबर," फोरमन म्हणाला.

न्यायाधीशांनी पुन्हा विचारलं. फोरमनने पुन्हा अदबीने मान डोलावली. सरकारी वकिलांनी घसा खाकरला, डोळे मोठे केले. पण शिकवलेल्या उत्तरांत हा प्रश्नच नव्हता. फोरमनच्या कपाळावर घाम आला. मागे कोणीतरी फिसकन हसलं.

भिंगरीला काही त्याचे हाल बघवेनात. तिने बाकावरून हात वर केला, हवेतल्या हवेत यंत्र थोपटलं, मग बोटं खांद्यामागे टाकली. यंत्रावर, कधीपासून?

फोरमनचा चेहरा उजळला. "तीस वर्षं साहेब!" तो यंत्रखान्यातल्या आवाजात असा काही गरजला की खिडकीतली कबुतरं उडाली.

न्यायाधीश पुढे वाकले. "हिच्या खुणा तुम्हाला कशा कळल्या?"

भिंगरीने हातांनी तेही विचारलं.

"आमच्याकडे सगळे असंच बोलतात साहेब. यंत्रं सुरू झाली की तिथे कोणाला कोणाचं ऐकू येतंय?"

"मग यंत्र बिघडलेलं आवाजावरून कळतं कसं?"

भिंगरीचे हात क्षणभर थांबले. मग तिने तेही विचारलं. फोरमनने वकिलांकडे पाहिलं. वकिलांनी पंख्याकडे पाहिलं.

"खरं सांगू का साहेब? हाताला कळतं. पत्र्यावर हात ठेवला की थरथर बदललेली कळते. ते आवाजाचं तर वकीलसाहेबांनी..."

न्यायाधीशांनी तोंडावर हात धरला. त्यामुळे ते काय म्हणाले ते भिंगरीला वाचता आलं नाही, पण त्यांचे डोळे हसताना तिने पाहिले.

बाहेर आल्यावर वहिनी तिच्यावर तुटून पडली. "अगं, समोरच्यांच्या साक्षीदाराला मदत? डोकं ठिकाणावर आहे का तुझं?"

"बिचारे किती घाबरले होते," भिंगरी म्हणाली.

पुढच्या तारखेला निकाल लागला. नेमणूक ताबडतोब द्यावी.

पहिल्या दिवशी वहिनी तिला छापखान्याच्या दारापर्यंत सोडायला आली. भिंगरी मात्र आतून धास्तावलेली होती. भर कोर्टात फजिती झालेला माणूस आता डूख धरणार, हे ती धरूनच चालली होती. यंत्रं सुरू होती, पायाखालची फरशी थरथरत होती. फोरमन समोर आला. त्याने तिचा हात धरून घडीच्या यंत्राच्या पत्र्यावर ठेवला आणि भुवया उडवल्या. कळतंय ना? तिने मान हलवली. मग त्याने स्वतःच्या कानाला बोट लावलं, तिच्या कानाकडे दाखवलं आणि मिशीत हसत हात उडवला. तुझं-माझं सारखंच!

तेवढ्यात दारात वहिनी हातवारे करत काहीतरी ओरडू लागली. फोरमनने कानामागे हात धरला. सगळे कामगार एकमेकांच्या तोंडाकडे बघू लागले. भिंगरी खुदकन हसली आणि दाराकडे पळाली.

जेवणाचा डबा वहिनीच्याच पिशवीत राहिला होता.