दात पडलेल्या पोरीचा बोर्ड

सोनल आज तरी जेवली असेल का, हा एकच प्रश्न गेले अकरा दिवस रचनाच्या डोक्यात ठाण मांडून होता. लेक बेळगावात होस्टेलवर, आई निपाणीजवळच्या मळ्यात. अकरा दिवसांत सोनलनं आईचा एकही फोन उचलला नव्हता. तिच्या खोलीत राहणारी दिपाली तेवढी सांगायची, की सोनल कॉलेजला जात नाही, मेसमध्ये उतरत नाही आणि सोमवारच्या परीक्षेला बसणार नाही म्हणते.

तसं सोनलचं बालपण निम्म्या निपाणीनं पाहिलेलं. ती सहा वर्षांची असताना तिच्या काकानं, भुजबलीनं, स्टँडजवळ बर्गर-सँडविचचं दुकान काढलं. बोर्डावर चित्र कसलं टाकायचं यावर घरात वाद झाला. कुणी सिंह म्हणालं, कुणी टोपीवाला आचारी. त्याच आठवड्यात सोनलचे पुढचे दोन दात पडले होते आणि त्या फटीतून जीभ काढून हसत ती घरभर हिंडत होती. मष्णू पेंटरनं तिला स्टुलावर बसवून ते हसू उतरवून घेतलं. दोन शेंड्या, दातांची खिडकी, हातात बर्गर. बोर्डावर वर कन्नड अक्षरं होती, खाली इंग्रजी. पण नाव वाचतंय कोण? गिऱ्हाईक म्हणायचं, दात पडलेल्या पोरीकडं जाऊया. दुकान चाललं ते त्या तोंडावर.

सोनलचे दात आले, ती उंच झाली. फोटो काढताना ओठ मिटून घेऊ लागली, हसताना तोंडावर हात नेऊ लागली. वयात आलेल्या पोरी असंच करतात, म्हणून रचनानं ते मनावर घेतलं नाही.

तीन वर्षांपूर्वी भुजबलीचे गुडघे धरले आणि त्यानं दुकान, नाव, चित्र सगळं आदर्श नावाच्या तरुणाला दिलं. चित्र सोनलचं, म्हणून कागदावर रचनाची सही घेतली. सोनल बारावीच्या अभ्यासात होती, तिला सांगायचं राहूनच गेलं. आदर्शनं चिकोडीत आणि बेळगावात शाखा काढल्या, चिकन सुरू केलं, आणि बोर्डावरच्या पोरीच्या हातातला बर्गर काढून कोंबडीची तंगडी दिली.

घर जैनांचं. बस्तीच्या देवळात दर्शनाला गेल्यावर नागुबाईनं सगळ्यांच्या देखत विचारलं, "काय गं रचना, सोनलला कोंबडी लई मानवलीया म्हण की." बायका पदराआड हसल्या. रचना त्या दिवशी उपाशीच राहिली.

मग ती आदर्शकडं गेली. तो वाईट नव्हता. बाकीच्या शाखांचं जमणार नाही, पण निपाणीच्या बोर्डावर काय पाहिजे ते रंगवून घ्या, म्हणाला. मष्णू शिडीवर चढला. तंगडीचं गाजर सहज होतंय, आकार तोच हाय, असं त्यानं वरनं सांगितलं.

"गाजर नको," रचना खालून म्हणाली. "जमिनीखालचं आमच्यात चालत न्हाय."

त्याच कारणानं मुळाही बाद झाला. शेवटी तंगडीचं मक्याचं कणीस झालं. रचनाला हायसं वाटलं. तिनं फोटो काढला आणि 'आमची सोनल परत शाकाहारी' असं लिहून पाहुण्यांच्या ग्रुपवर टाकला.

तिथून तो कुठं कुठं गेला देव जाणे. कुणीतरी निपाणीचं कणीस आणि बेळगावची तंगडी शेजारी-शेजारी लावली, खाली सोनलचं नाव आणि कॉलेज घातलं. दुसऱ्या दिवशी कॉलेजच्या गेटवर पोरं भाजलेली कणसं घेऊन उभी होती. "कणीस आक्का, एक घास द्या की."

त्या दिवशी सोनलचा शेवटचा मेसेज आला. 'मी रोज तिच्यासमोरून जात होते, आई. ती मी आहे हे इथं कुणालाच माहीत नव्हतं. दिपालीलासुद्धा नाही.'

आज संध्याकाळी भुजबली एक कागद घेऊन आला. एवढ्या बोभाट्यानंतर आदर्श तिन्ही बोर्डांवरचा सोनलचा चेहरा काढून टाकायला तयार होता. फक्त घरच्यांचं तसं पत्र हवं होतं. पत्र टाइप होऊन आलं होतं.

"वैनी, तुम्हीच करा सही," भुजबली म्हणाला. "पोरीला कशाला तरास?"

रचनानं पेन घेतलं. बोर्डावरचा चेहरा गेला की पोरगी सुटेल, असं तिला वाटत होतं. पण कणीस रंगवून घेतानाही तिला सगळं मिटलं असंच वाटलं होतं. उतरवलेल्या बोर्डाचेही फोटो निघतील. सोनलला तो चेहरा नकोच असेल, की नुसतं लोकांनी विसरावं एवढंच हवं असेल? चौदा वर्षांत तिला हे कुणी विचारलं नव्हतं, आईनंसुद्धा.

तिनं पेनाचं टोपण लावलं आणि कागद दिराच्या हातात परत दिला.

"भावजी, जरा थांबा. आधी तिला विचारू दे."

"ती फोन उचलत न्हाय न्हवं?"

"दिपाली उचलतीय. तिला फोन सोनलच्या कानाला लावायला सांगते. माझं चुकलं, एवढं तरी तिच्या कानावर पडू दे. मग काय करायचं ते तीच सांगंल."

आणि लेक काहीच बोलली नाही तर सकाळच्या पहिल्या गाडीनं बेळगाव गाठायचं, हे मनाशी पक्कं करून रचनानं दिपालीचा नंबर काढला.