भाता थांबवायचा नाही

तोंडावर तिला सगळे ताई म्हणत, पाठ वळली की दाखवाबाई. विज्ञान-इतिहासाच्या फिल्म काढायच्या, तर जुन्या माणसांनी काय केलं ते नुसतं सांगायचं नाही, करून दाखवायचं, हा तिचा हट्ट. कॅमेऱ्याची तिपाई खांद्यावर वाहण्यापासून सुरुवात केलेली बाई. पुढे संकलनाच्या खोलीत बसली, मग निर्माती झाली. पण शूटिंगला कोणी हात बांधून उभं दिसलं की अजून तिचं डोकं फिरे.

या खेपेची फिल्म लोखंडाची. यंत्रं नव्हती तेव्हा दगडातून लोखंड कसं काढत? एका बंद कारखान्याच्या मागच्या आवारात तिने छातीइतकी उंच मातीची भट्टी उभी केली. वरून कोळसा आणि कुटलेलं खनिज टाकायचं, खालून दोन चामडी भात्यांनी वारा घालायचा. भट्टी दोनदा पेटवली. दोन्ही वेळा तळाशी निघाली काळी, काचेसारखी मळी. लोखंड औषधालाही नाही.

वाहिनीच्या साहेबांनी बोलावून घेतलं. "मागच्या पोलादाच्या फिल्ममधला लालभडक गोळ्याचा शॉट पडून आहे. तो लाव आणि मोकळी हो. कोण ओळखतंय?"

"मी ओळखते की."

"मग या आठवड्यात काढ तुझं लोखंड. नाहीतर तो शॉट लागेल."

म्हणजे शॉट उसना आणि खाली नाव तिचं. हे तिला मरेपर्यंत सलणार होतं.

घरी आई भाजी निवडत होती. "लोखंडच हवं ना? बाजारात मिळतं गं."

"आई, तू त्या साहेबाची कोण लागतेस?"

दुसऱ्या दिवशी ती संकलनाच्या खोलीत दोन्ही वेळचं सगळं चित्रण पहिल्यापासून बघत बसली. इतिहासाचे प्राध्यापक भट्टीशेजारी उभं राहून समजावत होते. आवाज कसा, स्वच्छ. ती पुढे सरकली. इतका स्वच्छ कसा? भात्याची घरघर कुठे गेली? तिने चित्रण मागे नेलं. प्राध्यापक तोंड उघडण्याआधी दर वेळी ध्वनिवाला ओरडत होता, "भाता थांबवा, आवाज घेतोय!" आणि प्राध्यापकांच्या डोक्यामागे भट्टीची ज्वाळा हळूहळू खाली बसत होती.

"आपणच विझवली की हो," ती स्वतःशीच म्हणाली.

तिसऱ्या दिवशी भट्टी पेटवताना तिने सगळ्यांना बजावलं, "आज भाता थांबवायचा नाही. कुणासाठीही."

ध्वनिवाला हादरला. "ताई, तो भाता म्हणजे म्हातारा घोरतोय! सरांचं अक्षर कळायचं नाही."

"न कळू दे."

"म्हणजे मी बोलायचंच नाही?" प्राध्यापक म्हणाले.

"नाही सर. तुम्ही ओढायचं."

भाता नुसत्या हाताने ओढला की माणूस लगेच गळतो. पाय रोवून अंगाचं वजन मागे टाकावं लागतं, आणि ताल सोडायचा नाही. प्राध्यापकांना ते लवकर जमलं, ध्वनिवाल्याला उशिरा. सगळे आळीपाळीने ओढत होते. तिची पाळी आली तशी ती उभी राहिली आणि बाजूला व्हायचं नावच घेईना. तळहाताला फोड आले, फुटले. तिने दांड्याला फडकं गुंडाळलं.

"ताई, जरा इकडे वळा, चेहरा दिसत नाही," कॅमेरावाला म्हणाला.

"भाता दिसतोय ना?"

खिशात फोन वाजत राहिला. साहेबच असणार. ज्वाळा पिवळी होऊन वर उभी होती, ती बसली नाही.

उन्हं कलली तेव्हा भट्टीचं तोंड फोडलं. तळाशी एक खरबरीत, वेडावाकडा लाल गोळा होता. चिमट्याने ओढून तो दगडावर ठेवला. मळी असेल तर घणाखाली फुटणार. तिने स्वतः घण उचलला आणि घातला.

गोळा फुटला नाही. दबला.

प्राध्यापक मटकन खाली बसले आणि हसायला लागले. ध्वनिवाला मात्र कानाला हेडफोन लावून तो ठोका परत परत ऐकत होता.

फिल्म पाहून साहेब कुरकुरले, "मधे इतका वेळ कुणी बोलतच नाही?"

"बोलायला दम कुणाला होता, साहेब?"

उसना शॉट लागला नाही. गोळ्याचा एक तुकडा ती घरी घेऊन आली. आईने तो उलटसुलट करून पाहिला. "एवढ्याची विळीसुद्धा व्हायची नाही."

ती तळहाताला तेल चोळत होती. "खिळा होईल," ती म्हणाली. "करून दाखवते."