चकचकीत वजने

विश्रामबागेतील आमच्या महाविद्यालयाच्या प्रयोगशाळेत ते शिपाई होते. मूळचे खंडाळ्याकडचे, लष्करातून निवृत्त. त्यांच्या घराण्यात स्वप्नमार्ग पाळत. आपल्या हातून बिघडलेले स्वप्नात जाणीवपूर्वक दुरुस्त करायचे आणि जागेपणी तसेच घडवायचे. आपण जागे आहोत की स्वप्नात, हे ठरवायला रोज सकाळी ते आधी स्वतःचे तळवे पाहत, मगच बोलत.

“मग माझा शोधनिबंधही स्वप्नातच छापून आणा,” मी एकदा म्हणाले.

“न्हाई बाई. आपल्या हातनं बिघडलं तेवढंच.”

निबंध पाठवण्याच्या दिवशी ते तळवे न पाहताच बोलले. “दिवाळीला तराजूची पितळी वजनं मी पट्ट्याच्या बक्कलावानी चिंच-राखेनं घासली. नुसता हात लागला तरी वजन बदलतं, हे तुमी पोरींना सांगताना काल-परवा ऐकलं. तवापासनं सपनात ती पुन्हा मळवून बघतोय. मळत न्हाईत. म्हंजे सांगाय पायजे.”

वजने खरोखरच हलकी निघाली. दिवाळीनंतरची माझी सगळी निरीक्षणे निरुपयोगी ठरली. त्यांच्या मार्गाला पुरावा नाही, हे माझे मत आजही कायम आहे. निबंधाचे पाकीट मात्र मी न पाठवता फाडून टाकले.

दुसऱ्या सकाळी त्यांनी तळवे पाहिले. “राती सपनात तुमचा निबंध छापाय गेला, बाई,” ते म्हणाले आणि शेजारच्या विभागातून मागून आणलेली वजनांची पेटी माझ्यासमोर ठेवली.